तो म्हणजे कोण

आमच्या घरात पदवी घेतलेली मी पहिली, म्हणून कॅमेरेवाले हिंगणीला घरी येणार म्हटल्यावर आईनं मला बोरगाव मेघेहून बोलावून घेतलं. आमच्या मातीच्या भिंतींचं फार कौतुक करणाऱ्या माणसांवर माझा भरवसा नसतो. पुण्याची एक बाई होती, सोबत कॅमेरा धरणारा. जंगलाकाठच्या बायकांवर माहितीपट करतो, म्हणाली. मग संध्याकाळी बाबांना पुन्हा पुन्हा फाटकातून आत का चालवत होती? खांद्यावर पोतं, मान खाली. बाबांनी घातलेला नवा सदराही बदलायला लावला. मी विचारलं तर म्हणाली, सहज. बाबा मात्र खूश. वर्ध्याच्या कापूस बाजारात ओळखीच्या सगळ्यांना सांगून आले, आपण पिच्चरमध्ये आहो म्हणून.

काही महिन्यांनी ती बाई कच्ची फिल्म दाखवायला आली. ओसरीत स्टुलावर लॅपटॉप ठेवला, शेजारपाजारचे जमले. आई पडद्यावर बोलू लागली, "दिवस बुडाला का तो येते. आमी कडी लावून घेतो. मांगच्या साली माही बकरी नेली त्यानं."

सगळे माना डोलवत होते. दिवेलागणीनंतर आमच्याकडे वाघाचं नाव घेत नाहीत. 'तो' म्हटलं की लहान पोरालाही समजतं.

माझं लक्ष खालच्या इंग्रजी ओळींवर होतं. त्या वाचणारी तिथे त्या बाईखेरीज मी एकटीच. आवाज आईचा, चित्र बाबांचं, फाटकातून पोतं घेऊन येणारे, आणि खाली लिहिलेलं: अंधार पडला की माझा नवरा येतो. गेल्या वर्षी त्यानं माझी शेळी विकायला नेली.

'विकायला' हा शब्द आईनं उच्चारलाच नव्हता.

मी फिल्म थांबवायला लावली. ती बाई शांतपणे म्हणाली, बायका नवऱ्याचं नाव घेत नाहीत ना, म्हणून आम्हाला तसं वाटलं. मी म्हटलं, माझी आई नवऱ्याला 'तो' म्हणत नाही, 'पोरीचे बाबा' म्हणते. आणि शेळी विकली, हे कोणाकडून कळलं तुम्हाला? ही फिल्म मोठ्या शहरांत दाखवणार होते. तिथे माझे बाबा म्हणजे बायकोला धाकात ठेवणारा, शेळी विकून पिणारा माणूस ठरणार होते.

"काय लिवलं हाये माह्याखाली?" बाबांनी विचारलं.

चारचौघांत सांगायचं नव्हतं, पण खोटं कसं सांगू? सांगितलं. शेजारचे काका म्हणाले, "घ्या, आता तुमाले शेपूट फुटली." सगळे हसले. बाबा हसले नाहीत.

बाई म्हणाली, ठीक आहे, 'वाघ' असं लिहिते. आईनं तिचा हात धरला. "नोको बाई. म्या नाव घेतलं नाई, तू काऊन घेऊन राह्यली माह्या तोंडून?"

इंग्रजीत लिहिलं तर चालतं, असं मी आईला समजावून पाहिलं. ऐकेना. इंग्रजीतही तो तोच, म्हणाली.

बाबा बराच वेळ पडद्यावरच्या स्वतःकडे पाहत होते. मग म्हणाले, "मले काढून टाका. तिचं बोलनं राहू द्या."

बाई कुरकुरली, ती दृश्यं सगळ्यात चांगली आली आहेत म्हणे. आली असतील. मी शेजारी बसून एकेक काढायला लावलं, ओळीही बदलून घेतल्या: 'नवरा' गेला, 'विकायला' गेलं, नुसता 'तो' राहिला. मग फिल्म पुन्हा लावली. आई बोलत होती आणि समोर नुसतं रिकामं फाटक. ओसरीत कोणी हसलं नाही.

लॅपटॉप मिटताना मी विचारलं, याची दुसरी प्रत आहे का?

नाही, म्हणाली, पण आधी तिनं पिशवीकडे पाहिलं.

मी म्हटलं, तीही काढा. मी इथेच बसले आहे.