एडिनबरात, डोगोन मुखवट्यांसमोर

नव्वदच्या दशकातला ऑगस्ट. एडिनबराहून माझ्या मैत्रिणीचा, सुधाचा फोन आला. पश्चिम आफ्रिकेतल्या मालीहून डोगोन लोकांचा मुखवट्यांचा नाच आलाय, येतेस का? तिचे मिस्टर, तिथल्या हॉस्पिटलमधले डॉक्टर, जाऊन वर्ष होत आलं होतं. तेव्हापासून ती कुठेच बाहेर पडली नव्हती. मी लगेच निघाले.

मी राहते त्या लंडनजवळच्या वॉटफर्डहून युस्टन, तिथून चालत किंग्ज क्रॉस आणि पुढे थेट ट्रेन. न्यूकॅसलनंतर समुद्र उजवीकडे येतो, सीट त्या बाजूची घ्या. फेस्टिव्हलमध्ये खोली मिळणं मुश्किल, ओळखीचं घर असेल तर उत्तम. ऑगस्ट असला तरी कार्डिगन हवंच.

कार्यक्रम एका जुन्या चर्चमध्ये होता. ढोल सुरू झाले आणि लाल तंतूंचे घागरे घातलेले पुरुष आले. चेहऱ्यावर लाकडी मुखवटा, त्यावर दोन आडव्या फळ्यांचा उंच क्रूस. कमरेतून वाकून ते मान अशी फिरवत, की फळीचं टोक जमिनीला घासून जाई. निवेदिकेने सांगितलं, गावात हा विधी मृत्यूनंतर काही वर्षांनी होतो. रेंगाळलेल्या आत्म्याला मुखवटे पूर्वजांकडे पोचवतात. बायकांनी तिथे लांबच थांबायचं असतं.

नाच संपल्यावर सुधा थेट पथकातल्या म्हाताऱ्या गायकाकडे गेली. आज कुणाला पोचवलंत का, असं तिने दुभाष्या मुलीमार्फत विचारलं. तो म्हणाला, आज नुसता नाच. पोचवायचं तर गेलेल्याची माणसं जमावी लागतात. मग त्याने विचारलं, "तुमचं कोण गेलं? नाव काय?"

सुधाने नवऱ्याचं नाव कधी घेतलं नव्हतं. 'हे', नाहीतर 'डॉक्टर'. आता ती म्हणाली, "माधव."

म्हाताऱ्याने ते नाव सावकाश, जमेल तसं उच्चारलं. सुधा तिथेच खुर्चीत बसून रडली. फ्यूनरलच्या दिवशीही ती रडली नव्हती.

घरी जाताना तिने सांगितलं, अस्थी अजून कपाटात आहेत, नाशिकला न्यायचा धीर होत नाही. "आधी सगळ्यांना घरी बोलावते," ती म्हणाली.

मी परतल्यावर काही आठवड्यांनी तिचा फोन आला. मंडळी जमली होती, प्रत्येकाने माधवरावांची आठवण सांगितली होती. इथेच जन्मलेली त्यांची मुलगी शेवटपर्यंत ऐकत बसली आणि म्हणाली, "आई, बाबाचा एवढा गोष्टी तू मला का नाही सांगितला?" त्या डिसेंबरात दोघी नाशिकला जाऊन आल्या.

कुणाचा तरी पवित्र विधी आम्ही तिकीट काढून पाहिला, ही बोच आहेच. पण आता कुणाचं माणूस गेलं, की मी 'सॉरी' म्हणून उठत नाही. शेजारी बसते आणि ते माणूस कसं होतं, ते विचारते.