दाजींच्या मोबाइलमधला आमचा ओटा

आमच्या दाजींनी ज्या ज्या घरावर कॅमेरा बसवला, तिथं आजवर एकही चोर शिरलेला नाही. शिरलो तो मीच. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. चिकलठाण्याच्या कारखान्यातून निवृत्त झाले आणि नातेवाइकांच्या घरांवर हौसेनं कॅमेरे बसवत सुटले. त्यांची पद्धत अशी, की भिंतीला ड्रिल लावण्याआधी घरातल्या एकाला चोर करायचं. आमच्याकडे तो मान माझा. "तू चोर. कुठून येशील, दाखव!" मी कंपाउंडवर चढलो खरा, पण उतरता येईना. दाजी शिडीवरून मोबाइलमध्ये बघत ओरडले, "ऱ्हा तिथंच! अँगल लई भारी आलाय." ते चित्रीकरण पुढं घरातल्या प्रत्येक लग्नात दाखवलं गेलं.

वायफाय, ॲप, पासवर्ड ही सगळी जोडणी दाजी स्वतःच्या मोबाइलवरून करत आणि ती तिथंच राही. त्यामुळे आम्हा सगळ्यांची अंगणं त्यांच्या खिशात. त्यात कुतूहल दांडगं. मधूनच फोन यायचा, "गेटावरचं ते मांजर कुणाचं? काल नव्हतं." नाहीतर, "घरात सांग, वाळवण उचला, आभाळ आलंय." एकदा बायको ओट्यावर शेजारणीला माझे गुण सांगत होती, तर वरून कॅमेराच बोलला, "खरंय तिचं!"

बायको भडकली. "आपल्याच दारात मोकळं बसायची सोय नाय! पासवर्ड बदला. आणि दाजींना तुम्हीच सांगा."

ताई गेल्यापासून दाजी एकटेच असतात. काय बोलायचं ते घोकत मी दुपारी त्यांच्याकडे गेलो. त्यांच्या दारावर कॅमेरा नव्हता. विचारलं, तर म्हणाले, "काय बघायचं? घरात मी हाय, ते मला म्हाईत हाय." समोर तांब्याला टेकवलेला मोबाइल, त्यात आमचा रिकामा ओटा. शेजारी चहा, त्यावर साय धरलेली. तेवढ्यात मोबाइलमध्ये बायको कप घेऊन येऊन बसली आणि दाजींनी कप उचलला.

"तिच्यासाठीच थांबलो होतो," ते म्हणाले. "एकट्यानं घशाखाली उतरत नाय."

मीही चहा घेतला आणि तसाच परतलो.

"सांगितलं का?" बायकोनं विचारलं. मी जे पाहिलं, तेवढंच सांगितलं. पासवर्ड अजून तोच आहे. शेजारीण आली, की बायको कॅमेऱ्यावर टॉवेल टाकते. दुपारी चहा घेऊन ओट्यावर आली, की तो काढते आणि वर बघून विचारते, "दाजी, कप भरला का?"

तिकडून उत्तर यायला जरा वेळ लागतो. नेट मंद असेल, असं आम्ही म्हणतो.