ग्लाफिराचा टॉवेल

स्तेलियाना ग्लाफिराच्या घरी मधाची बरणी घेऊन आली, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. राजधानीची, किशिनाऊची माणसं आमच्या गावातून मध नेतात, आणत नाहीत.

तिच्या संस्थेनं अकरा वर्षांपूर्वी ग्लाफिराला परदेशातून सोडवून आणलं. हॉटेलातलं काम म्हणून नेलेल्या त्या पोरीला तिथं काय करायला लावलं, ते मी लिहिणार नाही. तिनं मला सांगितलं, तुम्हाला नाही. परतल्यावर संस्थेनं शिलाई मशीन दिलं. गावाला एवढंच ठाऊक की ती इटलीत म्हाताऱ्या सांभाळायची. तिची तेरा वर्षांची लेक ओलिंपियाही तेच ऐकत वाढली.

मी तिची शाळेतली बाई, आता शेजारीण. ग्लाफिरानं मला तिची कहाणी छापलेलं संस्थेचं पत्रक वाचायला बोलावलं.

"नाव बदललंय, चेहरा दाखवलेला नाही. फोटोत फक्त हात," स्तेलियाना गोड आवाजात म्हणाली. "असं पाहिलं की देणगीदारांना पाझर फुटतो."

"संमतीची सही कधी केलीस गं?"

"मागच्या महिन्यात, बाई. ज्यांनी घरी आणलं, त्यांना नाही कसं म्हणायचं?"

मी चष्मा चढवला. हात मांडीवर, हाताखाली टॉवेल. काठावर लाल कोंबडे, त्यातल्या एकाला शेपूट नाही. तिच्या आईची विणताना नेहमी होणारी चूक. आमच्याकडे मयताला आलेल्यांना टॉवेल देतात, आणि ते तो घरी भिंतीवर टांगतात. म्हातारी गेली तेव्हा तिच्याच हातचे चाळीस वाटले. निम्म्या गावाच्या भिंतींवर तो बिनशेपटीचा कोंबडा आहे.

"हे वाटणार कुठे?"

"जिल्हाभर! शाळांतूनसुद्धा."

ग्लाफिरा पांढरीफटक पडली. "माझ्या पोरीच्या शाळेत?"

"अगं, टॉवेल कोण ओळखतंय!"

"आमच्याकडे तोंडाआधी टॉवेल ओळखतात," मी म्हणाले. "थांबवा हे."

"छापून झालंय हो, बाई. आणि सही आहे. संस्थेनं हिच्यासाठी एवढं केलं..."

ग्लाफिरा उठली. मशीन उचलून तिनं उंबऱ्यावर आणून ठेवलं.

"हे घेऊन जा."

"वेडी का तू? ते तुझंच आहे!"

"मग माझ्यावर जे गुदरलं, ते कुणाचं?"

"वरिष्ठांना विचारून बघते," म्हणत स्तेलियाना निघाली. माझा त्या शब्दावर काडीचा विश्वास नव्हता. ग्लाफिराचाही नसावा. गाडी वळायच्या आत तिनं ओलिंपियाला अंगणातून आत बोलावलं, भिंतीवरचा टॉवेल काढून मांडीवर घेतला.

"बस इथं. मी इटलीत कधीच नव्हते."

मी बाहेर आले आणि दार ओढून घेतलं.