आईच्या बाजूची वाक्यं

आमच्या वरच्या खोलीत इथिओपियाचा माणूस राहायला आला तेव्हा गल्लीला पहिला प्रश्न पडला त्याच्या जेवणाचा आणि दुसरा त्याच्या भाषेचा. जेवणाचा प्रश्न माझ्या बायकोने पहिल्याच दिवशी निकालात काढला. भाषेचा प्रश्न समोरच्या घरातल्या शेतकऱ्याने काढला. त्याचं फुलसावंगीला शेत आहे आणि हा पाहुणा इथल्या कॉलेजातर्फे त्याच शेतात कपाशीच्या मुळांवर संशोधन करणार होता. त्यामुळे पाहुण्यावर पहिला हक्क आपला, अशी शेजाऱ्याची समजूत होती.

"मास्तर, विचारा ना त्याले, थे इथिओपियन भाषा कशी रायते. एखादं वाक्य बोलून दाखव म्हना."

मी इंग्रजीत विचारलं. पाहुणा म्हणाला, "इथिओपियन नावाची भाषा नाही, सर. कोणती बोलू? शाळेतली, बायकोची की आईची?"

हे मी शेजाऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "अरे बाप्पा! मंग हे लोक एकमेकाईसंग बोलते कसे?"

मला राग आला. ज्या जिल्ह्यात वऱ्हाडी, उर्दू, गोरबोली, गोंडी, कोलामी एका बाजारात ऐकू येतात आणि वणीकडे गेलं की तेलुगूही कानावर पडते, तिथल्या माणसाने हे विचारावं! माझंच घ्या. मी मुसलमान, आणि जन्मभर मराठीचा मास्तर. घरात आम्ही उर्दूच्या आसपासची हिंदी बोलतो, पुसदच्या बाजारात वऱ्हाडी बोलतो, आणि शाळेत मी पुस्तकी मराठी शिकवली. तीही बंजारा तांड्यावरच्या पोरांना, जी माझ्यासमोरच गोरबोलीत माझी टिंगल करायची. पुण्याचा नातू फोनवर माझ्याशी इंग्रजी बोलतो. पण शेजाऱ्यावर रागावून काही उपयोग नसतो, हे मला ठाऊक होतं. "तू माझ्याशी बोलतोस तसेच," मी म्हणालो, आणि आत गेलो.

पाहुणा चाळिशीकडे झुकलेला, शांत, पायऱ्या न वाजवता चढणारा माणूस होता. माझ्या बायकोला तो आधी आंटी म्हणाला. ते तिला आवडलं नाही. "खाला बोलो," तिने सांगितलं, आणि तेव्हापासून तो तिला खाला, म्हणजे मावशी, म्हणू लागला. संध्याकाळी खाली येऊन बसला की मी त्याला खोदून खोदून विचारत असे. निवृत्त मास्तराला दुसरं काम नसतं. त्याच्या देशात भाषा नेमक्या किती, हे त्यालाही छातीठोकपणे सांगता येईना. काही एकमेकींच्या बहिणी शोभाव्यात अशा, काहींचं एकमेकींशी काही नातंच नाही. त्याची आई दक्षिणेकडच्या डोंगरातली, विणकरांच्या घरची. तिची भाषा गामो. तो वाढला राजधानीत, अदिस अबाबाला. तिथे शाळेत, रस्त्यावर, कचेरीत अम्हारिक. बायकोच्या माहेरी ओरोमो. नवरा-बायकोला दोघांना येणारी भाषा अम्हारिक, म्हणून घरात तीच, आणि त्यांची लहान मुलगीही तीच बोलायची.

पहिली वेचणी सुरू झाली त्या सुमारास त्याच्या आईला लकवा मारला. जीव वाचला, एक हात गेला, आणि अम्हारिक भाषा पुसली गेली. नंतर शिकलेलं गेलं, आधीचं राहिलं. आता ती फक्त गामो बोलत होती. तिची सून, म्हणजे पाहुण्याची बायको, हिला त्यातलं अक्षर कळत नव्हतं. पूर्वी शेजारीपाजारी सगळे विणकर होते, पण ती वस्ती हटवून लोकांना शहराच्या टोकांना घरं दिली होती. सुनेने कुठून तरी एका विणकराच्या बायकोला आणलं. ती आली, बसली, बोलली. पण तिलाही तिचं घर होतं, ती रोज कशी येणार?

"तुला समजते ना ती भाषा?" मी विचारलं. तो ओट्यावर फोन हातात धरून बसला होता.

"सगळी समजते."

"मग तू बोल फोनवर."

"मला बोलता येत नाही, सर. मी कधी बोललोच नाही."

मला वाटलं तो थट्टा करतोय. मग त्याने सांगितलं. त्याच्या लहानपणी शहरातली मुलं विणकरांच्या पोरांना चिडवत, त्यांच्या बोलण्याची नक्कल करत. आई घरात गामो बोलायची आणि हा उत्तर द्यायचा अम्हारिकमध्ये. तिला ते समजायचं. तिचं बोलणं याला समजायचं. दोघांचं कधी अडलं नाही, म्हणून दोघांच्याही ते लक्षात आलं नाही. आता तो फोनवर अम्हारिकमध्ये "आई, मी आहे" म्हणाला की ती घाबरून तोंडावर पदर ओढत होती. घर खाली करायला सरकारी माणसं आली होती, ती हीच भाषा बोलत होती. आपला मुलगा म्हणजे त्यातलाच कोणी, असं तिला वाटत होतं. तिने जेवण सोडलं होतं. घास तोंडाशी नेला की दात घट्ट मिटून घ्यायची. डॉक्टर म्हणाले होते, खाल्लं नाही तर नाकातून नळी घालावी लागेल, आणि या वयात तिला ती सोसेल असं सांगता येत नाही.

त्या दिवशी तो आमच्या अंगणात येरझारा घालत एकच वाक्य जुळवत होता. मी तुझा मुलगा आहे. जुळेना. "कानात सगळं आहे," तो म्हणाला, "तोंडात काही नाही." मी त्याला धीर द्यायला एक-दोन वाक्यं बोललो. ती इतकी पोकळ होती की आता आठवली तरी लाज वाटते.

माझ्या बायकोचा धीर सुटला. तिने ताट वाढलं आणि नेहमीच्या आवाजात हाक मारली, "आओ बेटा. बैठो. खा लो. गरम है, फूँक के खाओ." रोज ती हेच म्हणत असे. तो येऊन बसला, हात ताटापर्यंत नेला आणि थांबला. मग तसाच उठला, फोन घेऊन पुन्हा ओट्यावर आला.

पडद्यावर म्हातारी दिसली. तोंडावर पांढरा पदर, शेजारी वाटी घेऊन सून. तो हळू आवाजात काहीतरी बोलला. चार-पाच शब्द असतील. पुन्हा तेच बोलला. म्हातारीने पदर थोडा खाली केला. डोळे दिसले. तिने काहीतरी विचारलं. त्याने एका अक्षरात उत्तर दिलं. तिने तोंड उघडलं आणि सुनेने घास भरवला.

मुलाची वाक्यं त्याच्याकडे नव्हती, कारण ती त्याने कधी उच्चारलीच नव्हती. त्याच्याकडे आईची वाक्यं होती. ये. बस. खा. गरम आहे, फुंकून खा. जन्मभर ऐकलेली तेवढीच त्याच्या कामाला आली. आणि तिने विचारलं होतं, "आई, तू आलीस?" तो हो म्हणाला होता.

समोरून शेजारी हे सगळं पाहत उभा होता. मला रडू आलं, आणि ते शेजाऱ्यासमोर आलं याचा संतापही आला.  शेजाऱ्याने घरी जाऊन शेतातल्या तुरीच्या शेंगा पाठवून दिल्या.

मग तो रोजचा परिपाठ झाला. तिकडची जेवायची वेळ म्हणजे आमच्याकडे दुपारच्या चहाची. त्या वेळी तो शेतात असो की कॉलेजात, कुठून तरी फोन लावायचा. घरी असला की गच्चीवरून आवाज यायचा. ये. बस. खा. आमच्या घरातही ती वाक्यं रुळली. बायको मला जेवायला गामोमध्ये बोलावू लागली. शेजारी चहाला आला की दारातूनच तिच्या आधी तो स्वतःच स्वतःला "बस" म्हणायचा आणि बसायचा. मूळ शब्द मी इथे लिहीत नाही. माझ्या बाराखडीत त्यातले काही आवाज बसत नाहीत, आणि चुकीचं लिहायची मला सवय नाही.

जेवण झालं की म्हातारी रोज एकच विचारायची, "मला न्यायला कधी येशील?" त्याचंही उत्तर त्याच्याकडे होतं. तो लहान असताना आई सूत विकायला बाजारात जायची, तेव्हा दारात उभी राहून म्हणायची: अंधार पडायच्या आत येते, कुठे जाऊ नको. तेच तो तिला सांगायचा, आणि ती मान डोलवायची.

"त्या भाषेत आत्ता कुठे बोलायला लागलो," तो मला एकदा म्हणाला, "आणि रोज खोटं बोलतो." वेचणी संपली, मुळांचे नमुने घेतले, की घरी जायचं त्याने ठरवलं होतं.

ती त्याआधीच गेली. त्याच्या बायकोचा फोन माझ्या नंबरवर आला, संध्याकाळी, मगरिबनंतर. तिने इंग्रजीत सांगितलं आणि लगेच बजावलं: त्याला आत्ता सांगू नका. आमच्यात मरणाची बातमी फोनवर देत नाहीत, रात्री देत नाहीत. पहाटे जा, माणसं घेऊन जा, तो तोंड धुवायच्या आत जा.

रात्रीच्या जेवणाला तो खाली आला. त्या दिवशी आई झोपली आहे असं त्याच्या बायकोने त्याला कळवलं होतं, त्यामुळे तो निवांत होता. शेजाऱ्याच्या बैलाची काहीतरी गंमत त्याने सांगितली. माझी बायको स्वयंपाकघरातून बाहेरच आली नाही. मी ताटात मान घालून बसलो.

शेजाऱ्याला मी गल्लीत गाठून सांगितलं. तो म्हणाला, "अन् आपन त्याले तसंच झोपू द्याचं? काहून असं?"

"त्यांच्यात तसंच आहे."

"मंग तसंच करू." पहाटे फजरची नमाज झाली तेव्हा तो दुपट्टा गुंडाळून मशिदीबाहेर थंडीत उभा होता. नमाजला आलेले गल्लीतले आम्ही काही जण आणि तो, असे जिना चढलो. मी दार वाजवलं. पाहुण्याने उघडलं, मला पाहिलं, माझ्यामागे शेजाऱ्याला पाहिलं, मग खालपर्यंत पायऱ्यांवर उभी असलेली माणसं पाहिली. मी रात्रभर इंग्रजी वाक्य तयार करून ठेवलं होतं. ते बोलावं लागलं नाही. तो खाली बसला. शेजारी, ज्याचं तोंड कधी बंद नसतं, तो त्याला लागून बसला आणि त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. पाहुणा रडताना काहीतरी बोलत होता. कोणत्या भाषेत, हे आम्हाला कोणालाच कळलं नाही.

माती त्याच दिवशी व्हायची होती. तो पोहोचणं शक्य नव्हतं. काही दिवस गल्लीतून जेवण येत राहिलं, लोक येऊन गुपचूप बसून जात राहिले. मग तो पुन्हा फुलसावंगीला जाऊ लागला.

पुढच्या आठवड्यात एका दुपारी बायको चहा गाळत होती आणि गच्चीवरून आवाज आला. ये. बस. खा. गरम आहे, फुंकून खा. तिच्या हातातली गाळणी तशीच राहिली.

"या अल्लाह, अब किससे बोल रहा है? जाके देखो."

मी भीत भीत वर गेलो. तो कठड्याला टेकून फोन समोर धरून बसला होता. पडद्यावर त्याची मुलगी होती, पुढ्यात वाटी, गालाला काहीतरी चिकटलेलं. तो तेच शब्द पुन्हा बोलला. तिने घास घेतला, चावता चावता लांबलचक काहीतरी विचारलं.

"काय म्हणाली?" मी विचारलं.

"कधी येणार, म्हणते."

"तुझ्या आईच्या भाषेत?"

"नाही, अम्हारिकमध्ये." तो थोडा हसला. "मीही असंच करायचो."

मग त्याने फोनकडे तोंड केलं आणि तिला उत्तर दिलं. ते मला आता पाठ होतं. अंधार पडायच्या आत येते, कुठे जाऊ नको.