दोन डोंगे, एक जू

काल नातीनं पणतीत टोरीचं, म्हणजे मोहाच्या बियांचं, तेल ओतलं, आणि त्या कडवट वासासरशी मी थेट वैनगंगेच्या डोहावर जाऊन पोचलो, बाशिंगासकट.

देशातल्या पहिल्या निवडणुकीनंतरचा उन्हाळा. लग्न चामोर्शीकडच्या तीरावर लागलं, माझं घर पलीकडे. डोंगा म्हणजे खोड पोखरून, टोरीचं तेल पाजलेली नाव. बूड इतकं गोल, की नावाडी शिंकला तरी उलटावी. नावाड्याखेरीज एकच माणूस मावे. आणि आमच्या शेल्यांची गाठ तर घरचा उंबरा ओलांडेस्तोवर सुटायला नको होती.

"मी नाई बसत," नवरी म्हणाली. तिचे मी ऐकलेले पहिले शब्द हेच. "गाठ सुटली त मी माघारी जाईन."

सासऱ्यांचा चेहरा पडला. डोंगे कोरणाऱ्या दसरूभाऊंनी वरातीच्या बंडीचं जू काढलं, दोन डोंग्यांवर आडवं टाकून दोरानं आवळलं.

"बैल जोडता येते, त डोंगे काऊन नाई? एक कलला त दुसरा धरते त्याले!"

एकात ती, एकात मी, मधे पाण्यावर पिवळा शेला. डोहातल्या मगरीनंही बाजूला सरून वाट दिली. डोंगे कलेचनात. डोंग्याचा काठ आवळलेला तिचा हात सैलावला, पाण्यात उतरला.

"नदी केवढी होती, आबा?" नातीनं विचारलं.

"तीन दिवस लागले!"

"खोटं!" आतून ही ओरडली. "मी ह्यांयले धड पाह्यलं बी नाई, त तीर आला!"

म्हणजे तो तीर इतक्या लवकर यायला नको होता, असं तिलाही वाटलं होतं.