जास्तीची शून्यं

आमची पंक्चरची टपरी जालन्याच्या एमआयडीसीत, रोलिंग मिलकडं वळणाऱ्या रस्त्याच्या तोंडाशी. तिथंच बसून मी एम.ए. इकॉनॉमिक्सचा अभ्यास केला आणि तिथंच माझ्या बापावर आळ आला. मिलमधला एक फोरमन शेजारच्या चहाच्या हॉटेलात सगळ्यांदेखत म्हणाला, "म्हाताऱ्याला पहाटं रस्त्यावर वाकलेला पाह्यलाय मी. हातात डबा होता. खिळे टाकून राह्यलाय तो. आइतवारपर्यंत टपरी उचला, न्हाईतर आम्ही उचलू."

आबा ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे बघत बसले. मी मुळात तिखट तोंडाची, माझ्या जिभेला हाड नाही म्हणतात ते खरंच आहे. पण त्या दिवशी मला भांडता येईना. आत कुठंतरी वाटत होतं, खरंच असलं तर? खोटं कशाला सांगू, वाटलं.

मंग मोजायला बसले. आबा रोजची पंक्चरं भिंतीवरच्या कॅलेंडरात, त्या त्या तारखेच्या चौकोनात लिहायचे. पॅच किती आणायचे ते कळावं म्हणून. दोन वर्षांची कॅलेंडरं खिळ्याला टांगलेली होती. मिलसाठी भंगार घेऊन येणाऱ्या ट्रकांची नोंद समोरच्या वजनकाट्यावर असायची. तिथल्या काकांनी रजिस्टर दिलं. माझं म्हणणं सरळ होतं. भंगारातून लोखंडाचे बारीक तुकडे रस्त्यावर सांडतात, तेच टायरात घुसतात, माझ्या बापाचा हात त्यात नाही.

ज्या दिवशीचे ट्रक त्याच दिवशीची पंक्चरं, अशी जोडी लावली. काहीच मेळ बसेना! आबा बाजूनं बघत होते. म्हणाले, "अगं, आज घुसलेला तुकडा आज थोडाच बोलतो? टायरात दम धरून बसतो, तीन दिसांनी ट्यूब बसते."

कपाळावर हात मारून घेतला मी. व्याजदर आज वाढवला तर बाजाराला कळायला कैक महिने जातात, हे मी वर्गात घोकलेलं, आणि बापाच्या दुकानात विसरले. तीन दिवस आधीचे ट्रक धरले तर आकडे बराबर चढू-उतरू लागले. फक्त आकड्यांवरून काढलेली माझी सरळ रेषा, मिलच्या एका सुट्टीनंतर तीन दिवसांनी, उणे अर्धं पंक्चर सांगत होती.

"उणं पंक्चर म्हंजे?" आबा हसून हसून खोकले. "चांगल्या गाडीत फुकट हवा भरायची का?"

मोजणीच्या गोष्टींना, ज्या शून्य, एक, दोन अशाच येतात, अंदाज बांधायचं वेगळं गणित, वेगळं मॉडेल लागतं. ते मला येत होतं. लावलं, आणि छान बसलं. नुसता एक खडा राहिला. काही दिवस असे होते की तीन दिवस आधी ट्रकांची रांग लागलेली, मॉडेल म्हणतंय चार-पाच पंक्चरं होतील, आणि आबांच्या चौकोनात शून्य. एखाद-दुसरं असतं तर सोडून दिलं असतं. ही शून्यं ढिगानं होती.

कॉलेजातल्या मॅडमना फोन केला. त्या म्हणाल्या, "शून्य दोन तऱ्हेचं असतं. एक आपोआप पडलेलं, दुसरं कुणीतरी पाडलेलं. दुसऱ्यामागं कोण आहे ते बघ."

"आबा, या दिवशी दुकान बंद होतं?"

"न्हाई."

"मंग एकही पंक्चर कसं न्हाई?"

त्यांनी मान खाजवली. मंग लाकडी पेटीखालून दोरी बांधलेलं जुन्या स्पीकरचं लोहचुंबक काढलं, आणि मागून एक डबा. डबा गंजलेल्या तुकड्यांनी गच्च भरलेला. "ट्रक लई आले की दुसऱ्या दिशी पहाटं फिरवतो. गुडघे ऐकले तर. इथं एक बाई लेकराला घेऊन पडल्ती, टायर बसून. ते डोळ्यांपुढून जात न्हाई."

"मंग सांगायचं न्हाई का! लोक टपरी उचलायला निघालेत!"

"काय सांगू? मी माझंच गिऱ्हाईक उचलून डब्यात भरतो म्हणून? येड्यात काढतील."

मला रडू आलं आणि रागही आला, दोन्ही एकदम.

रविवारी कॅलेंडर आणि डबा घेऊन मी हॉटेलात गेले. फोरमनपुढं पसरून, आबा पहाटं चुंबक फिरवतात ते सांगून म्हटलं, "खिळे टाकणाऱ्याच्या घरी इतकी शून्यं कशी पिकतात, सांगा बरं." तो डब्यातला एकेक तुकडा उचलून बघत राहिला. त्याच्याच मिलचं भंगार, तो ओळखणार नाही तर कोण? शेवटी एवढंच म्हणाला, "चुकलं. चुंबक कुठंय?" सोमवारी पहाटं ते त्याच्या मोटारसायकलमागं बांधलेलं होतं.

टपरी तिथंच आहे. काम कमी झालं, पण चालतंय.

त्या रविवारी परत आल्यावर आबांनी ट्यूब घासता घासता, वर न बघता विचारलं, "पोरी, तुला बी वाटलं होतं का?"

माझ्याकडं प्रत्येक गोष्टीला उत्तर असतं. त्या वेळी एकच होतं. "वाटलं होतं, आबा."

त्यांनी घासलेल्या जागेवर फुंकर मारली. "मंग मोजलंस ते बराबर केलंस," म्हणाले आणि पॅच चिकटवायच्या सोल्युशनची डबी मागितली.