दवाखान्याचं स्थळ

आमच्या नणंदबाईंनी आजवर घरात एकही वस्तू नुसती विकत आणलेली नाही. जे आणलं ते सोयरीक जुळवून आणलं. फ्रिज घ्यायचा झाला तेव्हा त्यांनी दुकानदाराला किंमत विचारली नाही, हा फ्रिज आधी कोणाकोणाच्या घरी दिलाय ते विचारलं, आणि त्या घरी जाऊन, पदर खोचून ओट्याजवळ बसून चौकशी केली, "उन्हाळ्यात कसा वागते? लाईन गेली की चिडचिड करते का?" एका घरच्या सुनेनं 'चांगला आहे' म्हणताना सासूकडे पाहिलं, तेवढ्यावर ते स्थळ मोडलं. घरचा मिक्सर, गच्चीवरची पाण्याची टाकी, मुलाची मोटरसायकल, सगळे असेच पाहून-सवरून, मूळ गाव विचारून घरात आले आहेत. आणि खोटं कशाला बोलू, त्यातलं एकही माहेरी परत गेलेलं नाही.

याला कारण आहे. सौंसर-पांढुर्ण्याकडची कितीतरी लग्नं त्यांनी जमवली, तीही स्वतःच्या पदरचं बसभाडं घालून. पाहण्याचे त्यांचे नियम ठरलेले. पसंती झाल्याशिवाय त्या घरचं पाणी प्यायचं नाही, कारण पाणी प्यालं की माणूस मिंधं होतं. चौकशी शेजारी करायची, कारण त्यांच्याच शब्दांत, "समोरच्या दारातून नुसते पोहे येते, खरं मागच्या दारातून येते." आणि सगळ्यात मोठा नियम, मुलगी पाहायची तर आधी तिची आई पाहायची. खाण तशी माती. वीस-पंचवीस वर्षांनी मुलगी कशी दिसेल, कशी बोलेल, ते आज आईच्या रूपानं समोर बसलेलं असतं, मग फोटो कशाला बघता, असं त्या म्हणतात. मी त्यांना बाई म्हणते. त्या माझ्याहून मोठ्या, बोरगावच्या शाळेत मास्तरीण होत्या, त्यामुळे त्यांनी एखादी गोष्ट सांगितली की मी अजूनही पाठ सरळ करून ऐकते.

तर या बाईंचे यजमान, म्हणजे आमचे भाऊजी, यांचं सौंसरला कापडाचं दुकान. भाऊजींची नजर अशी होती की ठाण उलगडून दारातल्या उजेडात धरलं की ते सांगायचे, हा रंग पहिल्या धुण्यात उतरेल, हा टिकेल, आणि हा मुळात दुसऱ्या रंगावर चढवलेला आहे. पण पुढे त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकले, आणि ऑपरेशनचं नाव काढलं की त्यांना नेमकं दुकानात काम निघायचं. वर्षं गेली. एका लग्नात त्यांनी नवरीऐवजी तिच्या आत्याच्या डोक्यावर अक्षता टाकून भरभरून आशीर्वाद दिला, तेव्हा मात्र मुलानं हट्टच धरला. डॉक्टर म्हणाले, आधी साखर खाली आणा, दिवाळी होऊ द्या, मग करू. सगळं घर आनंदलं. एक बाई सोडून.

राखी झाली आणि बाई बसनं माझ्याकडे पांढुर्ण्याला आल्या. चहा झाला, इकडचं तिकडचं झालं, आणि मग म्हणाल्या, "वहिनी, तुझ्या भाऊजीनं मले किती वर्सांपासून धुक्यात पाहिलं हाय. धुक्यात मी चांगली दिसते. आता थे धुकं उठून राहिलं."

"मग उठू द्या की बाई. चांगलंच आहे."

"अन् धुक्याच्या खाली हे हाय, त्याचं काय?" म्हणून त्यांनी चेहरा खिडकीकडे केला. उन्हातान्हात सायकलनं शाळेत जाऊन जाऊन त्यांच्या दोन्ही गालांवर वांगाचे काळपट डाग पसरले होते, चहा सांडल्यासारखे. मी वर्षानुवर्षं पाहणारी, मला ते दिसेनासंच झालं होतं.

मी म्हटलं, थोडी पावडर लावा. त्यावर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मला शाळा आठवली. "मी कोणाची बायको हाव ते विसरली का तू? चढवलेला रंग त्याइले सडकेवरून दिसे. केलेलं दिसलं तर हा माणूस गिऱ्हाइकाइले सांगन. अन् नाही केलं तर..." त्यांनी गालावरून हात फिरवला. "नाही केलं तर थो काईच बोलणार नाही. चूप राहीन अन् पेपर वाचीन. थे चूप राहणं मले नाही पाहिजे."

म्हणजे काम असं होतं, की दिवाळीनंतर पट्टी सुटली की भाऊजींना त्यांची तीच बायको दिसली पाहिजे, आणि तिनं काही केलंय हे दिसता कामा नये. आता यासाठी दवाखाना शोधायचा. आणि बाई दवाखाना शोधणार म्हणजे स्थळच पाहणार. पाहणीच्या मंडळीत बाईंनी मला घेतलं, आणि घरी सांगितलं की वहिनीचे गुडघे दाखवायला नेते. त्या दिवसापासून भाऊजी मला फोनवर गुडघ्यांचे हाल विचारायला लागले. खोट्या गुडघ्यांबद्दल खरं बोलणं फार अवघड असतं.

पहिलं स्थळ नागपूरचं. काचेची इमारत, आत इतकी थंडी की मी पदर कानावरून घेतला. भिंतीवर बायांचे जोडीजोडीनं फोटो, आधीचा आणि नंतरचा. बाई आधीच्याच फोटोंपुढे उभ्या राहिल्या. "वहिनी, पहाय, या साऱ्या बाया आधी बहिणी-बहिणी नव्हत्या. नंतर झाल्या." खरंच, नंतरच्या सगळ्यांचं नाक, ओठ, गाल एकाच साच्यातले. टेबलामागच्या मुलीनं हिरवा चहा पुढे केला. बाई म्हणाल्या, "ठेवा, पसंती झाल्यावर." मुलीला काही कळलं नाही. मग बाईंनी तिला शाळेतल्या इन्स्पेक्टरचा विनोद सांगितला, जो ऐकून मी दर वेळी डोळे पुसते. मुलगी हसली. बाई टक लावून तिच्या कपाळाकडे पाहत होत्या, तिथे एक रेघही हलली नाही. जिन्यात मला म्हणाल्या, "आवाज हसला, तोंड नाही हसलं. मी अशी हसली तर तुझे भाऊजी डाक्टरले बलावतीन." खाली पानठेल्यावर त्यांनी मागच्या दाराची चौकशीही केली. पानवाला म्हणाला, इथून निघणाऱ्या बाया गाडीत बसेपर्यंत तोंड झाकून असतात. झालं, ते स्थळ कटलं.

दुसरं सौंसरमधलंच, बाजाराच्या मागे. तिथल्या बाईनं बिननावाची ट्यूब काढली आणि म्हणाली, आठवडाभरात गोऱ्या करून देते. बाईंनी विचारलं, "तुमच्या आईनं लावली का हे?" ती म्हणाली, आईला कशाला लावू. "बस," बाई म्हणाल्या आणि चप्पल घालू लागल्या. रस्त्यात म्हणाल्या, "जे आईले नाही चालत थे विहिणीले काऊन देते? अन् मले गोरं होऊन कुठं जाचं हाय? मी सावळी आली या घरात."

मग माझ्याच गावात, माझ्या घरापासून दोन गल्ल्या सोडून, एक तरुण डॉक्टरीण आली असल्याचं औषधाच्या दुकानातून कळलं. चामडीची डॉक्टर, शिकून आलेली, वडिलांच्या घरातच खालच्या खोलीत बसायची. बाईंनी शेजारी इस्त्रीवाल्याकडे चौकशी केली. तो म्हणाला, "लयच सीधी पोट्टी हाय. अर्ध्या लोकाइले काहीच न करता वापस पाठवते." हे ऐकून बाईंची चाल बदलली. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी चांगली लुगडी नेसून तिथे गेलो. चांगली लुगडी हीच खरी चूक झाली, पण ते नंतर कळलं.

डॉक्टरीणबाईंनी विचारलं, काय त्रास आहे? बाई खुर्चीवर टेकल्या आणि त्यांनी सुरू केलं. मूळ गाव कोणतं? शिक्षण कुठे झालं? घरी कोण कोण? लग्न झालं का? पोरगी अवघडली, पण उत्तरं देत गेली. लग्न नाही झालं अजून. बाई म्हणाल्या, "बरं. आई कुठी हाय तुमची? आईले पाहाचं हाय मले."

त्या पोरीनं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा लुगड्यांकडे, आणि उठून वर गेली. बराच वेळ कोणी आलं नाही. वरून भांड्यांचा आवाज, फोडणीचा वास. मग आई खाली आल्या. नवी साडी, गजरा, हातात ट्रे आणि ट्रेमध्ये पोहे, वरून कोथिंबीर. मागे डॉक्टरीणबाई, पांढरा कोट काढून, ओढणी नीट करून, जमिनीकडे बघत. आई समोर बसल्या आणि गोड आवाजात म्हणाल्या, "मुलगा काय करते तुमचा?"

"कोणता मुलगा?" बाई म्हणाल्या. "थो तर दोन लेकराइचा बाप हाय."

मी पोह्यांकडे पाहत राहिले. मग बाईंनी गालाला हात लावून अगदी साधेपणानं सांगितलं, "मले वांग हाय जी."

आधी आई हसल्या. मग डॉक्टरीणबाई खुर्चीत बसल्या आणि ओढणीत तोंड घालून हसल्या, मग मी. दोघी मायलेकींचं कपाळ हसत होतं, डोळ्यांच्या कडा हसत होत्या, आईच्या तर मानेपर्यंत हसू गेलं होतं. बाई एकट्या हसत नव्हत्या, त्या परीक्षा घेत होत्या. आईच्या गालावर फिकटसं वांग होतं, नीट पाहिलं तरच दिसेल असं. बाईंनी विचारलं, "पोरीनं केलं का हे?"

आई म्हणाल्या, "तिनं फिकं केलं. साफ काढून दे म्हटलं तर म्हणते नाही. उन्हात गेली की वरून ओरडते माझ्यावर, छत्री घे म्हणून."

डॉक्टरीणबाई डोळे पुसत म्हणाल्या, "काकू, हे मुळापासून जात नाही. जाईल म्हणून कोणी सांगितलं तर त्याच्याकडे जाऊ नका. हळूहळू फिकं होईल, तुम्ही तुमच्यासारख्याच दिसाल. सुरकुत्यांना मी हात लावणार नाही."

बाईंनी ट्रेमधला पाण्याचा ग्लास उचलला आणि एका दमात संपवला. मग पोह्यांची बशी पुढे ओढली आणि मला म्हणाल्या, "खाय वहिनी. जमलं."

पुढचे महिने बाई माझ्या गुडघ्यांच्या नावावर पांढुर्ण्याला येत राहिल्या. सकाळी एक मलम, रात्री दुसरं, मधे दवाखान्यात काहीतरी लावून धुणं, आणि दिवसभर छत्री. सौंसरच्या बाजारात दिवाळीच्या थंडीत छत्री घेऊन चालणारी बाई एकच होती. ट्यूबा त्या साबुदाण्याच्या डब्यात लपवायच्या. भाऊजींना दिसत नव्हतं, पण नाक शाबूत होतं. "आजकाल तुझ्याजवळून दवाखान्याचा वास येऊन राहिला," असं म्हणाले, तर बाईंनी सांगितलं, "वहिनीच्या गुडघ्याले मीच मलम लावून देते ना." चहाचा डाग उतरत उतरत पाण्यासारखा झाला. आणि खरं यश मला देवळात कळलं. चार ओळखीच्या बाया भेटल्या, एकीनंही 'काय लावता' विचारलं नाही. एक म्हणाली, झोप चांगली लागत असेल. दुसरी म्हणाली, सुनेनं सुख दिलं वाटतं. सुनेला फुकटचं श्रेय मिळालं, तीही खूश.

भाऊजींच्या एका डोळ्याचं ऑपरेशन झालं, दुसऱ्याचं नंतर व्हायचं होतं. दुसऱ्या दिवशी डोळ्यांच्या दवाखान्यात पट्टी काढली, तेव्हा सोबत मुलगा होता. काळा चष्मा लावून भाऊजी घरी येणार, म्हणून मी सकाळच्याच बसनं सौंसर गाठलं. बाई दारातल्या उजेडात उभ्या राहिल्या, रोजच्या पातळात, हातात मेथीची जुडी. ती जागा त्यांनी आदल्या दिवशी माझ्याशी फोनवर बोलून ठरवली होती.

भाऊजी आले, खुर्चीत बसले, चष्मा थोडा खाली करून घर पाहू लागले. "हा पडदा हिरवा होता का? अन् भिंत काऊन अशी झाली? इथं कोणी झाडत नाही का?" मग माझ्याकडे वळून म्हणाले, "या कोण? वहिनी होय? वहिनी, लयच थकल्या तुम्ही. गुडघ्याइनं खाल्लं तुमाले." मी गुडघे चोळले.

मग ते दाराकडे वळले. बाई मेथी निवडत होत्या, म्हणजे पानं खाली टाकून काड्या ताटात ठेवत होत्या. भाऊजींनी मान जरा तिरपी केली, दुकानात ठाण उजेडात धरून पाहायचे तशी, आणि बराच वेळ पाहिलं.

"तू तशीच हाय व," ते म्हणाले. "सारं घर बदललं. तू तशीच."

बाईंनी माझ्याकडे असं पाहिलं, की गावात मिरवणूक काढली असती तरी कमीच पडली असती. जिंकल्या होत्या त्या. जेवताना दोनदा मला चिमटा काढला. रात्री सारं सांगून टाकीन, म्हणाल्या, जरा जळू दे बुढ्याले.

जेवण झाल्यावर भाऊजी हात धुवायला मोरीकडे गेले. तिथे बेसिनवर आरसा आहे. नळ चालूच राहिला, म्हणून आम्ही डोकावलो. ते आरशात पाहत उभे होते. एक हात गालावर, दुसरा भिंतीला. केस तर पांढरे झालेच होते, पण गळ्याचं कातडं, खाली आलेले डोळे, हे त्यांनीही धुक्यातच पाहिलं होतं. बायकोच्या चेहऱ्याची आम्ही एवढी तयारी केली, त्यांच्या स्वतःच्या चेहऱ्याची कोणीच केली नव्हती.

"हा कोण म्हातारा?" ते हळूच म्हणाले. विनोद करायचा प्रयत्न होता तो.

बाईंनी पुढे होऊन नळ बंद केला आणि पदरानं त्यांचे हात पुसले. सांगायचं ठरवलेलं काहीच बोलल्या नाहीत. म्हणाल्या, "डोया नवा हाय तुमचा. चार दिवस सवय होऊ द्या."

"मंग मले तुह्यी सवय लगेच कशी झाली?" भाऊजींनी विचारलं, आणि बाईंच्या गालाकडे पुन्हा एकदा, जवळून पाहिलं.

"दूध उतू जाईन," म्हणून बाई घाईनं स्वयंपाकघरात गेल्या. मी मागून गेले. गॅसवर दूध नव्हतंच. त्या ओट्याला टेकून, पदर तोंडाला लावून उभ्या होत्या, आणि त्यांचं कपाळ हसत होतं.